स्वप्ने खरी करणारे बेट

आमची पुतणी सातवीत आहे. तिने शाळेच्या वाचनालयातून एक इंग्रजी गोष्टीचे पुस्तक आणले. रात्रीची जेवणे उरकली की ती वाचायला बसते आणि कुठे अडले की आम्ही शब्दकोश उघडतो. असे करता करता आम्हीच त्या गोष्टीत गुंतलो. परवा मात्र एका प्रकरणात ती मध्येच थांबली. म्हणाली, "काका, हे पान आता नको. सकाळी वाचू." असे काय होते त्या पानात?

पुस्तकाचे नाव 'द व्हॉयेज ऑफ द डॉन ट्रेडर'. लेखक सी. एस. लुईस. हे पुस्तक १९५२ साली प्रसिद्ध झाले. 'नार्निया' नावाचे एक कल्पित जग लुईस यांनी सात पुस्तकांत उभे केले, त्यातलेच हे एक. राजा कॅस्पियन आपल्या वडिलांच्या सात बेपत्ता सरदारांना शोधत पूर्वेच्या समुद्रात निघाला आहे. जहाजावर आपल्या जगातली तीन मुलेही आहेत.

एके दिवशी समुद्रात पुढे काहीतरी काळे दिसते. आधी तो डोंगर वाटतो. जवळ गेल्यावर कळते, तो नुसता अंधार आहे. बाहेर स्वच्छ ऊन आणि समोर काळोख. दिवे लावून, वल्ही मारत जहाज आत शिरते. तेवढ्यात अंधारातून एक किंकाळी येते. पाण्यातून एका माणसाला वर ओढून घेतात. तो शोधातल्या सरदारांपैकीच एक, रूप नावाचा. तो ओरडतो, "पळा इथून! हे स्वप्ने खरी होणारे बेट आहे."

खलाशी खूश होतात. एकाला वाटते, आवडत्या मुलीशी आपले लग्न झालेले असेल. दुसऱ्याला वाटते, आपला मेलेला माणूस जिवंत भेटेल. तेव्हा रूप संतापून सांगतो, की जागेपणी रंगवलेली स्वप्ने नव्हेत, झोपेत पडणारी स्वप्ने इथे खरी होतात. क्षणभर शांतता पसरते. मग सगळे वल्ह्यांकडे धावतात. रात्री दचकून उठवणारी स्वप्ने कुणाला पडलेली नसतात?

आता खरी गोष्ट पुढे आहे. जहाज एकच, अंधार एकच, पण प्रत्येकाला वेगळा आवाज ऐकू येतो. युस्टेस या मुलाला प्रचंड मोठी कात्री उघडझाप करत असल्यासारखे वाटते. तो शेजारच्या खलाश्याला विचारतो, तुम्हालाही ऐकू येते का? पण खलाशी त्याच्याच आवाजात गुंतलेला. त्याला कोणीतरी जहाजाच्या बाजूने सरपटत वर चढताना ऐकू येते. वल्ही चाललेली आहेत, तरी अंधार सरत नाही.

ल्युसी ही मुलगी कुजबुजत अस्लान या सिंहाला हाक मारते. लुईस हे श्रद्धावान ख्रिस्ती लेखक होते, त्यामुळे गोष्टीत मदत त्या बाजूने येते. आम्हाला मात्र मधलीच एक ओळ मोलाची वाटली. अंधार जराही कमी झालेला नसतो, पण ल्युसीच्या मनात येते, की अजून आपल्याला खरोखर काहीच झालेले नाही! त्यानंतर उजेडाचा झोत दिसतो, अल्बट्रॉस हा मोठा समुद्रपक्षी वाट दाखवतो आणि जहाज उन्हात बाहेर पडते. सर्वांना उमगते, की घाबरण्यासारखे तिथे काही नव्हतेच.

लुईस यांना भीतीची ओळख होती. ते लहान असताना १९०८ साली त्यांची आई वारली. पहिल्या महायुद्धात ते खंदकात लढले आणि १९१८ साली जखमी झाले. लहानपणी आपल्याला भुतांची आणि किड्यांची वाईट स्वप्ने पडत, असे त्यांनी १९५५ सालच्या आत्मचरित्रात लिहून ठेवले आहे. म्हणूनच असेल, ते रूपला विसरत नाहीत. इतरांनी घटकाभर सोसले, त्याने वर्षानुवर्षे सोसले. पुढे त्याला स्वप्नाचा स्पर्शही नसलेली गाढ झोप मिळते. फार दिवस भ्यालेल्या माणसाला उपदेश नको असतो, विश्रांती हवी असते.

सकाळी पुतणीने प्रकरण वाचून संपवले आणि विचारले, "काका, तुम्हाला कोणता आवाज आला असता?" आम्ही जरा गप्पच झालो. घरातल्या थोरल्याने भीती बोलून दाखवायची नाही, अशी सवय लागलेली. मग सांगितले, की दारावरची थाप आणि "घर खाली करा" असे कोणीतरी म्हणतेय. पत्नी पोळ्या लाटता लाटता म्हणाली, मला तर अपरात्री वाजणारा फोन. पुतणी हळूच म्हणाली, "मला वर्गातलं हसणं. इंग्रजी वाचताना चुकले की हसतात ना, ते."

एका खोलीत झोपणारी आम्ही तीन माणसे, आणि आवाज तीन. इतके दिवस एकमेकांना ठाऊकही नव्हते. त्या सकाळी ते हसणे थांबले नाही, घरभाड्याची काळजीही मिटली नाही. पण पुतणी पुस्तक दप्तरात घालून शाळेत गेली.

वाचक बंधू-भगिनींनो, आज जेवणे झाल्यावर आपल्या मुलांना एवढे विचारून पाहा, तुला कोणता आवाज येतो? आणि त्यांनी उलट विचारले, तर खरे सांगा.