पार्वतीकुमार आपल्याला माहीत का नाहीत?

रत्नागिरीत भरतनाट्यमच्या क्लासला जाणाऱ्या मुलीला ‘हे तर साऊथचं, आपलं कुठे!’ असं ऐकवणारे काका प्रत्येक आळीत भेटतात. हल्ली त्यांच्या उलट बाजूचेही भेटतात: ‘भरतनाट्यम मराठी राजानेच निर्माण केलं’ असे छाती फुगवणारे फॉरवर्ड. मला दोघांशीही भांडायचंय. कारण दोघांनाही उत्तर देणारा माणूस आपल्याच किनाऱ्यावरचा, आणि आपल्याला त्याचं नावही ठाऊक नाही.

आचार्य पार्वतीकुमार. जन्म १९२१, मालवण. १९८१ मध्ये सिंधुदुर्ग वेगळा होईपर्यंत ते रत्नागिरी जिल्ह्यातच होतं. मुंबईत चंद्रशेखर पिळ्ळै यांच्याकडे ते भरतनाट्यम शिकले. शहराच्या जगण्यावर ‘देख तेरी बंबई’सारखी नृत्यनाटिका बसवली. पण त्यांचं खरं धाडस वेगळंच.

तंजावरचे दुसरे सरफोजीराजे (कारकीर्द १७९८ ते १८३२) यांनी नृत्यासाठी मराठीत रचना केल्या. त्यांचं हस्तलिखित, ‘कोर्व्यांचे साहित्याचे जिन्नस’, तिथल्या सरस्वती महाल ग्रंथालयात होतं. १९५८ मध्ये ते छापलं गेलं. एकेका निरूपणात एकच कथा, एकच राग, एकच ताल, अगदी तिल्लाण्यापर्यंत. पार्वतीकुमारांनी हे कागदावरचे शब्द वर्षानुवर्षं खपून नाचते केले, आणि त्यांची शिष्या सुचेता भिडे-चापेकर यांनी ते रंगमंचावर आणले.

मी याला आधुनिकता म्हणते. पाश्चात्त्य बीटवर चार अडवू टाकले की ‘कंटेम्पररी’ झालं, असं मानणाऱ्यांनी म्हणू नये हवं तर. जे बंद पडलंय त्याचा अभ्यास करून त्याला आजचं शरीर देणं, याहून नवं काय असतं?

आणि फॉरवर्डवाल्यांनो, सरफोजींच्याच दरबारात चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम आणि वडिवेलू हे चार तमिळ भाऊ होते. आजच्या भरतनाट्यमच्या कार्यक्रमाचा क्रम त्यांनी बांधला. नाचत होत्या त्या देवदासी. शब्द मराठी, राग कर्नाटकी, पावलं त्या बायकांची. एकट्या राजाच्या नावावर सातबारा कसा चढवता?

आपल्याकडे अरंगेत्रमला हॉल, फोटोग्राफर, जेवण, सगळ्याला पैसे निघतात. इतक्या अरंगेत्रमना बसले, पण मराठी निरूपणातली एक रचना माझ्या कानावर पडलेली नाही. पालकांना कळत नाही म्हणून तमिळ पदाचा अर्थ निवेदक मराठीत सांगतो, आणि मराठीतली रचना पुस्तकात पडून राहते.

क्लास लावलाय ना? मग पुढच्या तासाला बाईंना एवढंच विचारा: पार्वतीकुमारांनी बसवलेलं काही आम्हाला शिकवाल का?