‘बाहेरचं खूळ’ आमच्या शेजारचंच



बाईच्या, कामगाराच्या आणि तृतीयपंथीयांच्या कवितेला मागील अंकातील पत्रलेखकाने ‘बाहेरून आलेलं खूळ’ म्हटलं आहे. त्यांनी आमच्या शेजारच्या गंगाखेडला यावं. तिथली जनाबाई संत नामदेवांच्या घरची दासी. दळण, कांडण, गोवऱ्या हाच तिच्या अभंगांचा ऐवज. विठ्ठलाला तिने जात्यावर बसवलं, त्याची विठाबाईही केली. आणि हे सातशे वर्षांपूर्वी! नारायण सुर्व्यांचं ‘माझे विद्यापीठ’ १९६६चं, गिरणगावातलं. तृतीयपंथी कवयित्री दिशा पिंकी शेख यांचा ‘कुरूप’ हा संग्रह तर पत्रलेखकाने उघडलेलाही दिसत नाही. त्यांचा शिवराळपणाचा आक्षेप तर नामदेव ढसाळांच्या ‘गोलपिठा’वर १९७२पासून घेतला जातोय, तो आता शिळा झाला. सोनपेठहून ऊसतोडीला जाणाऱ्या बायांनी कोणत्या भाषेत लिहावं, तेवढं त्यांनी कळवावं.

— एक वाचक, सोनपेठ (जि. परभणी)