डाळीचे वडे, शेंगांची चटणी आणि आपल्या हाताची चव



वर्षावास सुरू झाला की विहारात संध्याकाळी ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या ग्रंथाचे वाचन होते, आणि वाचन आटोपल्यावर लोकांना खायला काय द्यायचे हा प्रश्न दर पौर्णिमेला महिला मंडळासमोर उभा राहतो. कोणी बिस्किटांचे पुडे आणतो, कोणी हॉटेलातून भजी बांधून आणतो. ती भजी विहारात पोहोचेपर्यंत थंड आणि तेलकट होतात. यंदा आम्ही बैठकीत सुचवले की वडे घरी करू. हरभऱ्याच्या डाळीचे वडे आणि सोबत आपल्या सोलापूरची शेंगांची चटणी, बुडवून खाण्यापुरती पातळ केलेली. सूचना लगेच मान्य झाली असे समजू नका. एक वयस्कर उपासिका म्हणाल्या, “आरं, एवढ्या माणसांचं तळण? तेल किती लागंल!”

त्यांच्या तोंडी तेलाची धास्ती यावी यात नवल नाही. आमच्या आजीच्या काळी तेल बुधलीत असे आणि ते फोडणीलाही थेंबाथेंबाने पडे. कोरड्यास पाण्यावर शिजे. कढईभर तेल चुलीवर चढणे म्हणजे घरात लग्न किंवा सण. शाहू पाटोळे यांचे ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ हे पुस्तक 2015 साली निघाले. आपल्या शेजारच्या उस्मानाबाद (आताच्या धाराशिव) भागातल्या दलित स्वयंपाकघराची हकीकत त्यात आहे. आपल्याकडच्या वडीलधाऱ्यांना ती वाचून दाखवली तर ते म्हणतील, यात नवीन काय, हे तर आमचेच घर. ज्यांनी वाचले नसेल त्यांनी वाचावे.

पण तेल-तूप नव्हते ते केवळ गरिबीमुळे, असे मात्र नाही. परमपूज्य बाबासाहेबांनी 1936 साली ‘जातिसंस्थेचे निर्मूलन’ हे न झालेले भाषण छापून प्रसिद्ध केले. त्यात त्यांनी जयपूर संस्थानातील चकवारा गावची त्याच वर्षीची घटना दिली आहे. यात्रा करून आलेल्या एका अस्पृश्य माणसाने आपल्याच जातबांधवांना जेवण घातले आणि पानात तूप वाढले. पैसा त्याचा, तूप त्याचे, पाहुणे त्याचे. तरीही गावातले शेकडो सवर्ण हिंदू लाठ्या घेऊन धावून आले, अन्नाची नासाडी केली आणि जेवणाऱ्यांना मारून पिटाळले. कारण एकच. तूप हे वरच्यांच्या मानाचे अन्न, ते यांच्या पानात आलेच कसे? हे ऐकल्यावर आपल्या घरातली तेलाची कढई जरा वेगळी दिसू लागते. बैठकीत आम्ही हे सांगितले तेव्हा त्या उपासिका काही वेळ गप्प राहिल्या, आणि मग म्हणाल्या, “मग करा तळण. पण तेल जाळू नका.”

तेव्हा तेल न जाळता वडे कसे करायचे ते आता सांगतो.

पाच माणसांच्या घराला पाव किलो हरभऱ्याची डाळ पुरते. तीन-चार तास भिजवा. भिजली की चाळणीत उपसून अर्धा तास निथळू द्या. घाईच्या घरात ही अर्ध्या तासाची पायरीच गाळली जाते, आणि मग वडा कढईत फुटला की डाळीला दोष दिला जातो. निथळलेल्या डाळीतली एक मूठ बाजूला काढून ठेवावी आणि बाकीची पाण्याचा थेंबही न घालता जाडसर वाटावी. पाट्यावर वाटली तर उत्तम. मिक्सरमध्ये वाटायची असेल तर थोडी थोडी घेऊन थांबत थांबत फिरवावी, नाहीतर तिचा लगदा होतो. बाजूला ठेवलेली अख्खी डाळ त्यात मिसळावी. वड्याचा कुरकुरीतपणा तिच्यातून येतो. सोड्याची काही गरज नाही.

मग बारीक चिरलेले दोन कांदे, पाच-सहा हिरव्या मिरच्या आणि आठ-दहा लसूण पाकळ्या ठेचून, भरडलेले धने-जिरे, हळद, कोथिंबीर आणि कढीपत्ता घालावा. मीठ मात्र अगदी शेवटी, कढई चुलीवर चढल्यावर. मीठ आधी पडले की कांद्याला पाणी सुटते आणि पीठ सैल होते. तसे झालेच तर दोन चमचे ज्वारीचे पीठ घालावे. तळहात ओला करून त्यावर वडा थापावा आणि मधोमध बोटाने किंचित दाबावे, म्हणजे आतून कच्चा राहत नाही. आपल्या सोलापुरात मराठीच्या जोडीला तेलुगू, कन्नड आणि उर्दूही घराघरांत बोलली जाते. त्यामुळे हाच वडा एका गल्लीत आले घालून होतो, दुसरीत बडीशेप घालून. आम्ही दोन्ही खाल्ले आहेत. लसणाचा आम्हाला जास्त आवडतो, पण यावर कोणाशी भांडणार नाही.

आता तेलाचे. पिठाचा एक कण तेलात टाकून बघावा. तळाशी बसून राहिला तर तेल थंड आहे, आणि थंड तेलात वडा तेल पितो. कण पडताक्षणी काळा झाला किंवा तेलातून धूर निघू लागला तर ते जास्त तापले. कण बुडून लगेच बुडबुड्यांसह वर आला की वडे सोडावेत, आच मध्यम ठेवावी आणि एका वेळी पाच-सहाच सोडावेत. कढई भरून वडे टाकले की तेल एकदम निवते आणि सगळेच तेलकट होतात. एका बाजूला रंग आल्याशिवाय झारा लावू नये. पाव किलो डाळीला अर्धा लिटर तेल कढईत घेतले, तरी त्यातले बरेचसे उरते. ते गाळून दोन-चार दिवसांत फोडणीला संपवावे. काळे पडलेले तेल पुन्हा पुन्हा तापवणे प्रकृतीला घातक असते. तळून तळून खराब झालेले तेल वापरू नये असा नियमच अन्नसुरक्षा प्राधिकरणाने 1 जुलै 2018 पासून लागू केला आहे. काटकसर करावी, पण ती पोटात विष साठवून नको.

आणखी एक विनंती. वडे वर्तमानपत्राच्या कागदावर निथळू नयेत, शाई अन्नात उतरते. आपल्या साप्ताहिकाच्या कागदावर तर मुळीच नको. शाई तर आहेच, शिवाय पहिल्या पानावर बाबासाहेबांचे छायाचित्र असते. चाळणी घ्यावी, खाली ताट ठेवावे.

चटणी आपल्या गावची शान आहे, तिच्याबद्दल सोलापूरकराला काय सांगायचे! तरीही नव्या सुनांसाठी आणि स्वयंपाकघरात आता कुठे पाऊल टाकणाऱ्या मुलांसाठी लिहितो. पाव किलो शेंगदाणे मंद आचेवर दाण्याच्या आतपर्यंत खमंग भाजावेत आणि सोलून पाखडावेत. दहा-बारा लसूण पाकळ्या, चमचाभर जिरे, दोन चमचे लाल तिखट आणि मीठ घालून खलबत्त्यात कुटावेत. दाण्याचे तेल सुटून मुठीत दाबल्यावर गोळा धरेल इथपर्यंत कुटत राहायचे. मिक्सरमध्ये एकतर कोरडा भुगा होतो नाहीतर चिकट गोळा. ही झाली भाकरीबरोबरची कोरडी चटणी.

वडा बुडवायचा तर तिच्यातलीच चार चमचे घ्यावी. दोन चमचे चिंचेचा कोळ, सुपारीएवढा गूळ आणि लागेल तसे पाणी घालून कालवावी व दहा मिनिटे ठेवावी. दाणा पाणी ओढतो आणि चटणी घट्ट होते, म्हणून सुरुवातीला जरा पातळच ठेवायची. घरात दही असेल तर चिंच-गुळाऐवजी दही घालावे, लहान मुलांना ती चटणी फार आवडते. पण 14 एप्रिलच्या उन्हात, गर्दीच्या कार्यक्रमात दह्याची चटणी तासाभरात आंबून जाते. तिथे चिंचेचीच करावी.

पुरुषवर्गाला एक शब्द. पंचशीलातले पाचवे शील आपण दर पौर्णिमेला मोठ्या आवाजात म्हणतो. घरी वडे झाले की कागदात गुंडाळून ‘मित्राकडे जाऊन येतो’ म्हणणारे बंधू आम्हाला ठाऊक आहेत. हे वडे चकण्यासाठी सांगितलेले नाहीत!

आता ज्या गोष्टीसाठी हा सगळा खटाटोप मांडला तिच्याकडे येतो. आमच्या वस्तीतील एक ताई धुणीभांडी सोडून वड्यांची गाडी लावण्याच्या विचारात आहेत. हात असा की त्यांचा वडा खाऊन बाहेरचा गोड लागत नाही. त्या विचारायला आल्या. परवान्याचे, भांडवलाचे विचारतील म्हणून आम्ही कागद-पेन्सिल घेऊन बसलो. त्यांनी विचारले ते वेगळेच. “भाऊ, गाडीवर बाबासाहेबांचा फोटू लावू का नको? घरातले म्हणतेत, फोटू बघितला की गिऱ्हाईक फिरंल.”

या प्रश्नाला तडकाफडकी उत्तर देणारे पुष्कळ मिळतील. ‘लावलाच पाहिजे, त्यात भ्यायचे काय,’ असे व्यासपीठावरून म्हणणे सोपे आहे. ज्यांच्या पगाराची पहिली तारीख चुकत नाही त्यांनी, म्हणजे आमच्यासारख्यांनी तर ते जपूनच म्हणावे. ताईंच्या घरच्यांची भीती खोटी नाही. 2017 साली सप्टेंबरमध्ये पुण्यासारख्या शहरात एका उच्चशिक्षित बाईंनी स्वयंपाकाला येणाऱ्या स्त्रीविरुद्ध पोलिसांत तक्रार केली होती. तिने जात लपवून आपले सोवळे मोडले, असे त्यांचे म्हणणे. सगळीकडून टीका झाली तेव्हा तक्रार मागे घेतली गेली. ती स्वयंपाकीण आपल्या समाजाची नव्हती, मराठा समाजाची होती. तिची ही गत, तर आपल्या ताईंना धास्ती वाटणारच.

कायदा ताईंच्या बाजूचा आहे. संविधानाच्या 17 व्या कलमाने अस्पृश्यता नष्ट केली, 15 व्या कलमाने दुकाने आणि उपाहारगृहे सर्वांना खुली केली. पण हॉटेलात आपल्याला प्रवेश नाकारला तर कायद्याकडे जाता येते. आपल्या गाडीवर एखादा आलाच नाही, तर त्याला कोणत्या कलमाखाली आणणार?

इथे कोल्हापूरच्या गंगाराम कांबळे यांची आठवण होते. राजर्षी शाहू महाराजांच्या पदरी ते नोकर होते. पाण्याला शिवले म्हणून त्यांना मारहाण झाली. महाराजांनी त्यांना हॉटेल काढून दिले. नाव ‘सत्यसुधारक’. जातीमुळे गिऱ्हाईक येईना, तेव्हा महाराज स्वतः गाडी थांबवून तिथे चहा घेऊ लागले आणि बरोबरच्या बड्या मंडळींनाही तो घ्यायला लावू लागले. महाराजांचे निधन 1922 साली झाले, म्हणजे या गोष्टीला शंभर वर्षे उलटली. भाषणांतून ती आपण महाराजांच्या थोरपणासाठी सांगतो, आणि ते योग्यच आहे. पण हॉटेल चालवण्याचे धाडस गंगारामांचे होते, आणि महाराजांनी केले ते साधे काम होते. ते गिऱ्हाईक झाले.

ताईंच्या गाडीपुढे कोणा राजाची गाडी थांबणार नाही. पण जयंतीला, धम्मचक्र प्रवर्तन दिनाला, लग्नाला, नामकरणाला आपण खाण्यावर जो पैसा घालतो, तो जातो कुठे? परक्या आचाऱ्याकडे आणि हॉटेलकडे. भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो लावायचा आणि नाष्टा मात्र बाहेरून मागवायचा. आम्ही ताईंना म्हणालो, “फोटो लावायचा की नाही ते तुम्ही ठरवा. लावलात, तर रोजचे पहिले पन्नास वडे खपवण्याची जबाबदारी वस्तीची.” वस्तीला न विचारताच बोलून गेलो, म्हणून आता इथे छापून विचारत आहोत.

हिशेबही करून दिला. बी.कॉम. झालो त्याचा एवढा तरी उपयोग व्हावा. एक किलो डाळीत अर्धा किलो कांदा घालून साधारण साठ वडे होतात, त्यात पाव किलोच्या वर तेल मुरते. डाळ, तेल, कांदा, शेंगा, मसाला, गॅस असे सगळे धरून समजा 270 रुपये खर्च आला, तर वडा साडेचार रुपयांना पडला. दहाला विकला तर साठ वड्यांचे 600. ताई खुश झाल्या, “म्हंजे तीनशेतीस नफा!” आम्ही विचारले, डाळ निवडण्यापासून कढई घासण्यापर्यंत तुमचे पाच तास गेले, त्याची मजुरी कुठे लिहिली? ती खर्चात धरा, गाडीचे भाडे धरा, मग उरेल तो नफा. आपल्या बायका आपली मजुरी कधीच वहीत लिहीत नाहीत. म्हणून धंदा नफ्यात आहे की त्या फुकट राबत आहेत, हे त्यांना वर्षभर कळत नाही. भाव काढताना तुमच्या दुकानदाराकडचे आजचे दर घालावेत, आमचे आकडे नमुन्यादाखल आहेत. अन्नसुरक्षा कायद्याखाली नोंदणी करावी लागते, पथविक्रेत्यांसाठी 2014 चा कायदा आहे. दोन्हींचे अर्ज आम्ही भरून देऊ.

ताईंनी फोटोचे अजून ठरवलेले नाही. गाडी मात्र पाहून ठेवली आहे.

येत्या पौर्णिमेच्या वाचनासाठी दोनशे वड्यांचे काम महिला मंडळाने त्यांनाच दिले आहे, मजुरी धरून. साडेतीन किलो डाळ दुपारी एकच्या आत भिजायला हवी. पावणेदोन किलो कांदे चिरायला दोन पुरुष लागतील. एक आम्ही आहोत. दुसऱ्याने विहारातल्या फळ्यावर नाव लिहावे.

जयभीम.