तात्पर्याचे शेपूट

लघुपट संपला, की आमच्याकडे एक प्रश्न हमखास उभा राहतो : ‘पण यातून घ्यायचे काय?’ जणू चित्रपट म्हणजे वाण्याचे दुकान, आणि पुडी बांधून घेतल्यावाचून पायरी उतरायची नाही! या प्रश्नाशी माझे उघड भांडण आहे.

बर्ट हान्स्ट्रा या डच दिग्दर्शकाचा ‘ग्लास’ हा १९५८ सालचा लघुपट घ्या. अवघ्या दहा-अकरा मिनिटांचा. काचेच्या कारखान्यातले कारागीर गाल फुगवून नळीत फुंकर घालतात; तापलेला रस फुगतो, वळतो, आकार घेतो. मग यंत्र येते. बाटल्यांची रांग शिस्तीत चाललेली असते. इतक्यात मान तुटलेली एक बाटली येते आणि सारे गणित चुकते. यंत्राला त्याचे काय? ते आपले काम चालूच ठेवते, आणि मागून येणाऱ्या बाटल्या खळाखळा फुटू लागतात. अखेर माणसाचा हात पुढे होतो, तेव्हा कुठे घडी बसते. निवेदनाचा एक शब्द नाही. सोबतीला संगीत. १९६० च्या समारंभात याला ऑस्कर मिळाले.

परवा घरी हा लघुपट लावला. आमची सहा वर्षांची नात टाळ्या पिटून हसली, “आजोबा, यंत्र वेडंच आहे!” मीही हसलो, आणि हसता हसता गप्प झालो. कचेरीत असताना एका विधवा बाईंचा अर्ज मी तीनदा परत पाठवला होता. एक रकाना कोरा होता, एवढेच. समोर उभ्या राहिलेल्या बाईंना विचारून तो भरायला मला अर्धा मिनिट लागला नसता.

त्याच क्षणी पडद्यावरून कोणी भारदस्त आवाजात ‘माणुसकी जपा’ म्हणाले असते, तर मी मान डोलावून चकलीला हात घातला असता!

‘सामान्य प्रेक्षकाला समजावून सांगावे लागते,’ असे म्हणणाऱ्यांनी आमच्या नातीला भेटावे. रोजच्या जगण्यातली विसंगती दाखवली, की ज्याची त्याला बरोबर बोचते. तिला तात्पर्याचे शेपूट जोडले, की ती शेजाऱ्याची होते. करंजीत सारण कसले आहे, हे जिभेला कळते. वर चिठ्ठी डकवावी लागत नाही.