काठावरचा भाव कोण छापणार?

मागच्या महिन्यात पुण्यात एका मित्राने पहिल्या पगाराची पार्टी दिली. मेन्यूकार्डावर 'कॅलामारी रिंग्ज' होतं, पुढे ४५० रुपये. कॅलामारी म्हणजे आपलं माकूल, हे मला वेटरने सांगितलं. मी करमाळा तालुक्यातला, उजनीच्या काठावरच्या गावातला. समुद्र बघितला तोच मुळी बारावीनंतर. पण मासळी घरातली. माझे मामा उजनीत जाळं टाकतात. प्लेट येईपर्यंत मी त्यांना सहज फोन केला. "मामा, आज चिलापी काय भावानं गेली?"

मामा म्हणाले, "उद्या कळंल की."

मासे पहाटेच दिले होते. गाडी कधीच निघून गेली होती. भाव मात्र दुसऱ्या दिवशी कळणार होता, आणि व्यापारी सांगेल तोच. मामांना यात काही वावगं वाटलं नाही. मला त्या रात्री पहिल्यांदा वाटलं.

आमच्याच तालुक्यात बाकीच्या मालाचं कसं चालतं ते बघा. कंदर भागातली केळी परदेशात जाते. आज कोण किती देतोय हे बागायतदाराला व्हॉट्सअॅपवर घड कापायच्या आधी कळतं. उडीद बाजार समितीत गेला की किमान, कमाल आणि सर्वसाधारण असे तीन दर नोंदवले जातात. उसाला तर कायदाच आहे. २०२५-२६च्या हंगामासाठी केंद्राने १०.२५ टक्के उताऱ्याला क्विंटलमागे ३५५ रुपये एफआरपी ठरवली. १९६६च्या ऊस नियंत्रण आदेशानुसार ऊस घातल्यापासून चौदा दिवसांत पैसे द्यावे लागतात. ते थकतात, मोर्चे निघतात, सगळं खरं. पण मोर्चा काढायला हातात एक आकडा असतो. मामांच्या हातात तोही नाही.

आता समुद्राकडे बघा. २०२३-२४मध्ये देशातून १७ लाख ८१ हजार टनांहून जास्त सागरी उत्पादनं बाहेर गेली. त्यांची किंमत साठ हजार कोटींच्या वर, आणि त्यातले सुमारे चाळीस हजार कोटी एकट्या गोठवलेल्या कोळंबीचे. माकूल स्पेन-इटलीपर्यंत जातं. आकार, ताजेपणा, साफ केलेलं की अख्खं, यावर त्याचा दर बदलतो. कोळंबीचा भाव 'काउंट'वर ठरतो, म्हणजे एका किलोत किती नग बसतात त्यावर. आंध्रातल्या तलाववाल्यांच्या फोनवर हे काउंटचे भाव रोज फिरतात. निर्यातदारांसाठी १९७२ साली स्थापन झालेलं आख्खं प्राधिकरण आहे. म्हणजे नाशवंत मालाचा भाव सांगता येत नाही ही थाप आहे. पैसेवाला गिऱ्हाईक असला की माकुलाचाही भाव प्रतवारीसकट सांगता येतो.

तुम्ही म्हणाल, मासळीचे भाव पेपरात तर येतात. येतात ना. पुण्याच्या गणेश पेठेतल्या बाजाराचे भाव मी लहानपणापासून वाचतोय. खोल समुद्रातली मासळी, खाडीची मासळी, नदीची मासळी. पापलेट, सुरमई, कोळंबी, तिसऱ्या, खुबे, खेकडे, आणि शेवटी कुठेतरी रहू, कटला, मरळ, चिलापी. हैदराबादच्या राष्ट्रीय मत्स्यविकास मंडळानेही देशातल्या बाजारांमधले भाव गोळा करायची यंत्रणा उभी केली आहे. पण हे सगळे भाव बाजारातले आहेत. तिसऱ्या चिखलातून उकरणाऱ्या बाईला काय मिळालं, झिंगे पकडणाऱ्याला काय मिळालं, हे त्यात नाही. खाणाऱ्याचा भाव छापतात, धरणाऱ्याचा नाही.

त्या आठवड्यात मामांना चिलापीचे किलोमागे ४५ रुपये मिळाले. पुण्याच्या यादीत १०० होते. लगेच व्यापाऱ्याला चोर म्हणायची मला घाई नाही. मध्ये बर्फ आहे, टेम्पो आहे, घट आहे, आडत आहे. या सगळ्यांचे मिळून ४० झाले असतील किंवा १५ही झाले असतील. माझी तक्रार हीच आहे की ते तपासता येत नाही. हिशेब एकाच माणसाच्या वहीत आहे.

"मग स्वतः लिलावात न्या की मासे," असा सल्ला मलाही मिळालाय. भिगवणला, इंदापूरला लिलाव होतो, पण तो पाण्याच्या पलीकडे. रस्त्याने वळसा मोठा, आणि पाण्यातून जायचं म्हणजे काय हे २१ मे २०२४च्या संध्याकाळी सगळ्या महाराष्ट्राने बघितलं. कुगाव ते कळाशी निघालेली बोट वादळात उलटली आणि सहा माणसं गेली. त्यात जाळ्याला, होडीला व्यापाऱ्याकडून उचल घेतलेली असते. उचल घेतली की मासे त्यालाच. म्हणून निव्वळ भाव कळून सगळं सुटेल असं मी म्हणत नाही. पण भाव कळल्याशिवाय उचलीची खरी किंमतही कळत नाही. किलोमागे किती कापले जातात हे दिसलं, तर ती उचल बँकेच्या कर्जापेक्षा महाग पडते की स्वस्त, हे माणूस स्वतः ठरवेल.

भाव कळल्याने काय होतं याचा पुरावा आपल्याच देशात आहे. १९९७ ते २००१ या काळात उत्तर केरळच्या किनाऱ्यावर मोबाइल पोचला. मच्छीमार समुद्रातूनच वेगवेगळ्या बंदरांवर फोन करून तारलीचा भाव विचारू लागले. रॉबर्ट जेन्सन या अर्थतज्ज्ञाने ते सगळं मोजलं आणि २००७ साली मांडलं. गिऱ्हाईक न मिळाल्याने मासे फेकून देणं जवळजवळ थांबलं, मच्छीमारांचा नफा सरासरी आठ टक्क्यांनी वाढला, आणि खाणाऱ्यासाठी भाव चार टक्क्यांनी उतरला. दोघांचंही भलं झालं, तेही साध्या बटणांच्या फोनवर. मामांकडे आज स्मार्टफोन आहे. त्यावर रील दिसतात, क्रिकेट दिसतं, सोन्याचा भाव दिसतो. स्वतःच्या मासळीचा दिसत नाही.

२२ एप्रिल २०२५ला राज्य मंत्रिमंडळाने मत्स्यव्यवसायाला कृषीचा दर्जा दिला. शेतीच्या दराने वीज, कर्ज, विमा अशी यादी आली. चांगलंच झालं. पण शेतमालाचा दर्जा दिलात, तर शेतमालासारखी नोंदही द्या. मागणी साधी आहे. लिलावात चिलापी, कटला, झिंगे आकारानुसार काय भावाने गेले, याचे किमान, कमाल, सर्वसाधारण दर त्याच सकाळी मोबाइलवर टाका. काठावर वजन होतं तिथेच किलो आणि दर लिहिलेली पावती द्या. यासाठी नवं धरण बांधायचं नाहीये. एक फळा, एक फोन आणि रोज आकडे भरणारा एक माणूस पुरे.

व्यापारी म्हणतील, मासळीचा भाव तासातासाला बदलतो. बदलू द्या. कांद्याचा काय स्थिर असतो? बदलणारा भाव लपवायचा नसतो, उलट जास्त वेळा सांगायचा असतो.

आणि आपण, म्हणजे शहरात बसून ताटलीचा फोटो टाकणारे, एवढं तरी करू शकतो. पुढच्या वेळी मासे घेताना "ताजे आहेत का" यानंतर "काठावर काय भाव होता" हेही विचारू. मासेवालीला ठाऊक नसेल, तर तिने कुणाला विचारायचं हेही तिला ठाऊक नसेल. असे पन्नास जणांनी विचारलं, तर पन्नास वेळा तो प्रश्न मागे घाऊक व्यापाऱ्यापर्यंत जाईल.

दुसऱ्या दिवशी दुपारी मामांचा फोन आला. "पंचेचाळीस लावलाय." मी विचारलं, "लिलावात किती गेली?" थोडा वेळ ते गप्प राहिले. मग म्हणाले, "ते कोण सांगतंय, बाळा."