विश्लेषण : ‘रेसिडेंट इव्हिल २’ सहा भाषांत, मग भुताच्या गेमला मराठीचंच वावडं का?

भुताच्या गोष्टींचं सिंधुदुर्गाला नवल नाही. इथल्या आकेरीचा वाडा ‘रात्रीस खेळ चाले’मुळे २०१६मध्ये घराघरांत पोहोचला. मालवणी वळणाच्या संवादांसह मालिका चालली, २०१९ आणि २०२१मध्ये पुढचे भागही आले. मोबाइल-कम्प्युटरवरच्या भयगेममध्ये मात्र मराठी क्वचितच भेटते. असं का?

जुन्या गेमने काय केलं?

‘रेसिडेंट इव्हिल २’ हा जपानच्या कॅपकॉम कंपनीचा १९९८चा गेम, पहिल्या भागाचा सीक्वेल. झोंबींनी भरलेलं शहर, मोजक्याच गोळ्या आणि पोलिसाच्या नोकरीचा पहिलाच दिवस असलेला लिऑन. हा जुना गेम ऑगस्ट २०२४मध्ये ‘गॉग’ या ऑनलाइन दुकानात परतला, तो इंग्रजी, फ्रेंच, जर्मन, इटालियन, स्पॅनिश आणि जपानी अशा सहा भाषांसह.

भाषा एवढी महत्त्वाची का?

अशा गेममध्ये नुसता नेम धरून भागत नाही. कुलूप कसं उघडायचं, याचा सुगावा कुणाच्या तरी डायरीत किंवा चिठ्ठीत असतो. ते वाचता आलं नाही तर खेळ अडतो. त्या काळी पात्रांचे आवाज जपानी आवृत्तीतही इंग्रजीच होते. भाषांतर झालं ते मुख्यतः पडद्यावरच्या मजकुराचं. त्यामुळे खर्च आटोक्यात राहिला.

मराठीचं घोडं कुठे अडतं?

पहिलं कारण तांत्रिक. युरोपीय भाषांची लिपी रोमन. चार-दोन खुणांची अक्षरं वाढवली की काम झालं. जुन्या गेममध्ये प्रत्येक अक्षर एका चौकटीत बसतं. देवनागरी तशी बसत नाही. ‘किल्ली’ टाइप करताना आधी ‘क’, मग वेलांटी. पडद्यावर मात्र वेलांटी ‘क’च्या आधी दिसायला हवी आणि दोन ‘ल’ जोडले जायला हवेत. ही जुळणी सॉफ्टवेअरने केली नाही तर शब्द फुटतो. आज त्यावर ‘हार्फबझ’सारखी मोफत साधनं आहेत, म्हणजे ही अडचण सुटणारी आहे.

दुसरं कारण बाजाराचं. कोणत्या भाषेमुळे किती प्रती खपतील, हे पाहून कंपन्या भाषा निवडतात. मराठी माणूस इंग्रजी किंवा हिंदीवर भागवून घेतो, असं गृहीत धरलं जातं. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी’ २०२०मध्ये आला. २०२२च्या सुधारित आवृत्तीत त्याला हिंदी आवाज मिळाला. कोकणातल्या ‘मुंज्या’वरचा २०२४चा चित्रपटही हिंदीतच आला.

मग पुढे काय?

भुतं आपली, भाषा दुसऱ्याची, असं चित्र राहिलं तर उद्याची पोरं घाबरतील तीही परभाषेतच. पूर्ण डबिंग महाग असेल, पण चिठ्ठ्या आणि सबटायटल मराठीत देणं हा कमी खर्चाचा मार्ग १९९८मध्येच दिसला होता. अंधाऱ्या वाड्यात कुणी ‘थंयसर जाव नको’ म्हटलं, तर मालवणच्या पोराला त्याचा अर्थ विचारावा लागणार नाही.