नावाचा अर्थ आणि अर्थाचा बाजार

कोराडीच्या औष्णिक वीजकेंद्राचा पहिला संच १९७४ साली सुरू झाला. यंत्रयुग दारी येऊन अर्धशतक लोटले. तरी बारशाच्या वेळी कोराडीत काय किंवा नागपुरात काय, छापील पुस्तिकेतला शब्द वेदवाक्य मानला जातो. 'आरव' म्हणजे शांत, असे या पुस्तिका सांगतात. वामन शिवराम आपटे यांचा १८९० सालचा कोश उघडावा. आरव म्हणजे आवाज, आक्रोश! 'राहुल' म्हणजे दुःखविजेता म्हणे. बौद्ध परंपरा हे नाव बंधनाशी जोडते.

आईबापांनी हौसेने नाव ठेवले तर बिघडले कुठे, असे कोणी विचारील. नावाचे स्वातंत्र्य निर्विवाद आहे. नवा शब्द घडविण्यातही गैर काही नाही. आक्षेप आहे तो खोट्या वंशावळीला. संस्कृताचा शिक्का बसला की प्रतिष्ठा वाढते, हे गृहीतच तपासले पाहिजे. ब्राह्मणाचे नाव मंगलवाचक, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे निंदावाचक असावे, असा मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायाचा दंडक आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात झालेल्या धम्मदीक्षेनंतर वस्त्यावस्त्यांतून गौतम, सिद्धार्थ, यशोधरा ही नावे ऐकू येऊ लागली, ती या दंडकाला दिलेले उत्तर होती.

दगडू, धोंडू, केरबा या नावांना हसणाऱ्यांनी त्यांचा उगम शोधावा. लेकरे जगत नव्हती. मृत्यूची नजर चुकावी म्हणून आई पोटच्या गोळ्याला दगड म्हणत होती. 'नकोशी'चा अर्थ कळायला तर कोशही लागत नाही. ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात अशा २८५ मुलींची नावे समारंभपूर्वक बदलण्यात आली. स्तुत्यच! परंतु त्याच वर्षीच्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलांमागे मुली ८९४ होत्या. २००१ साली त्या ९१३ होत्या. कागदावरची नकोशी पुसली जात असताना गर्भातल्या नकोशीला नाव मिळण्याचीही संधी नव्हती.

म्हणून कोराडीसारख्या कामगारवस्त्यांतील अभ्यासवर्गांनी हे काम क्षुल्लक मानू नये. शब्दाचा अर्थ कोशात पाहावा, त्याचा उगम समाजव्यवस्थेत शोधावा आणि बारशाच्या घरी जाऊन दोन्ही सांगावे. ज्याला आपल्या लेकराच्या नावाचा अर्थ पारखता येतो, तो पुढाऱ्याच्या शब्दाचा अर्थही पारखून घेईल.